भाऊजींच्या टोपीचं माप

माझं शिक्षण चौथीपर्यंत झालं. अक्षर वेडंवाकडं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घ मी अंदाजानं घालते, त्याबद्दल आधीच माफी मागते. पण आमच्या थोरल्या भाऊजींबद्दल लिहायला शुद्धलेखन लागत नाही. सोसायची ताकद लागते, ती माझ्याकडे आहे.

भाऊजी म्हणजे माझ्या नवऱ्याचे थोरले भाऊ. ते माणसाचं तोंड बघत नाहीत, आधी डोकं बघतात. सदऱ्याच्या खिशात पायजम्याची एक जुनी नाडी असते, तिच्यावर शाईच्या खुणा. कोणी ओट्यावर टेकलं की चहा यायच्या आत नाडी त्याच्या डोक्याभोवती. "कानाच्या वर एक बोट, कपाळाच्या मधनं, आन् आत दोन बोटं सैल," हे त्यांचं वाक्य. दिवसातून किती वेळा म्हणतात ते मी मोजायचं सोडून दिलं. दूधवाल्याचं माप झालं, पोस्टमनचं झालं. मतं मागायला आलेल्या उमेदवाराचंही झालं. त्याला म्हणाले, "मोठं हाय डोस्कं. भरलंय किती ते निवडून आल्यावर कळंल."

तो निवडून आला. अजून कळलेलं नाही.

हे वेड तसं जुनं नाही. आम्ही बेडशाचे. लेण्यांच्या पायऱ्या सुरू होतात तिथं माझी सरबताची टपरी आहे. टपरी म्हणजे चार बांबू आणि वर ताडपत्री, तीही अर्धी. पाणी खालच्या हापशावरून घागरीनं आणावं लागतं. मागच्या वैशाखात घागर घेऊन चढताना मला चक्कर आली आणि मी वाटेतच पडले. डोळे उघडले तेव्हा आमचे हे फोडलेला कांदा माझ्या नाकाशी धरून बसले होते. आणि भाऊजी? ते पलीकडे लेणी बघायला आलेल्या एका मुलीला विचारत होते, "बाय, ही टोपी कुटं मिळती?"

भावजय जगली का मेली, ही चौकशी सावकाश. आधी टोपी.

त्या दिवसापासून भाऊजींना "उनाची टोपी" पाहिजे झाली. डोक्यावरची पांढरी टोपी चालेना. तिला काठ नाही, मान भाजते, कान भाजतात. साठ वर्षं कान भाजले नव्हते ते एकदम भाजायला लागले.

आमच्याकडे थोरल्या दिराशी भावजय समोरासमोर बोलत नाही. डोक्यावर पदर, नजर खाली. आताच्या पोरी दिराला नावानं हाक मारतात, पण आमच्या दोघांचं जुनंच चालू आहे. भाऊजींना मला काही सांगायचं असलं की ते चंद्रीला सांगतात. चंद्री ही शेळी. माझ्या जावेनं पाळलेली. जाऊ वारली आणि शेळी राहिली.

"चंद्रे, धाकलीला सांग, चहात साखर न्हाई."

मी चंद्रीला सांगते, "चंद्रे, डब्यात पण न्हाई."

चंद्री दोघांकडे बघते आणि रवंथ करते. घरात समजूतदार तीच.

वडिवळ्याला भाच्याचं लग्न होतं. आमच्या लग्नांत मानाच्या पाहुण्यांना टॉवेल-टोपी देतात. टोप्या सगळ्या एकाच मापाच्या, त्यामुळं त्या डोक्यात जात नाहीत, नुसत्या वर ठेवतात. माणूस हात जोडतो, पाठ फिरली की टोपी खिशात घालतो. सगळ्या तालुक्याला हे ठाऊक आहे. भाऊजींना मान दिला, तर त्यांनी टोपी काढली, नाडी लावली आणि भर मांडवात परत केली. "दीड बोट कमी हाय. कुनाचं डोस्कं बघून आनली?"

नवरीचा बाप हात जोडून म्हणाला, "आबा, मानाची हाय. घालायची नसती."

"मग मान पन घालायचा नसतो काय?"

वाजंत्री थांबली. आमचे हे जेवणाच्या पंगतीत जाऊन लपले. मी पदर इतका पुढं ओढला की समोरचा भात दिसेना.

मग आम्ही लोणावळ्याला गेलो. चिक्कीच्या दुकानांच्या ओळीत एक टोप्यांचं दुकान आहे. दुकानदार म्हणाला, "बाबा, सगळ्यांना एकच साइज बसते. मागं दोरी आहे, ओढायची."

"सगळ्यांना बसती, म्हंजी नीट कुनालाच बसत न्हाई," भाऊजी म्हणाले आणि परीक्षा सुरू झाली. टोपी घालायची आणि माशी बसलेल्या बैलासारखी मान झटकायची. पडली, नापास. मग दुकानातच कमरेत वाकून, भाताची लावणी करतात तसं मागं मागं सरकायचं. दोन टोप्या लावणीत पडल्या आणि गॉगलचा स्टँड आडवा झाला. एका टोपीचा काठ इतका रुंद की भाऊजी वाकले की जमिनीशिवाय काही दिसेना. एकीचा इतका कडक की दुकानदाराच्या डोळ्यात गेला असता.

एक टोपी मात्र झकास बसली. कानाच्या वर एक बोट, कपाळाच्या मधून, आत दोन बोटं सैल. मला राहवलं नाही. चंद्री घरी होती, म्हणून मी ह्यांना म्हणाले, "दादांना सांगा, बसली."

भाऊजी आरशाकडे बघून म्हणाले, "तिला सांग, न्हाई बसली." आणि दुकानदाराला विचारलं, "हिच्यावर घागर ऱ्हाईल का?"

दुकानदारानं आमच्याकडे बघितलं. आम्ही चिक्कीच्या दुकानाकडे बघितलं. घरात एक तांब्या उचलून ठेवायचा तर चंद्रीला हाक मारणारा माणूस, तो घागर वाहणार होता.

शेवटी सोमाटण्याच्या फाट्यावरच्या एका शिंप्याकडून मापानं शिवून घ्यायचं ठरलं. त्यासाठी चंद्रीमार्फत निरोप आला, "टोपीला पैशे कमी पडत्यात म्हनावं." मी सरबताच्या डब्यातून काढून दिले. आमचे हे म्हणाले, "ते आता इसर." मी विसरले नाही. लग्नात टोपी परत करणाऱ्यानं पैसेही परत करावेत, एवढी माझी अपेक्षा होती.

त्याच आठवड्यात माझी चुंबळ हरवली. घागरीखाली डोक्यावर ठेवायची चिंध्यांची गोल कडी असते, ती. मी चंद्रीवर आळ घेतला. तिनं खाल्ली असणार म्हणून तिला दोन दिवस ओला चारा कमी घातला. ती काही बोलली नाही.

टोपी आली. पांढरं जाड कापड, चांगला काठ, खाली बांधायला बंद. सगळं झकास, फक्त लहान. भाऊजींच्या टकलावर ती आमटीच्या वाटीसारखी बसली. आळी गोळा झाली.

"आबा, नातवाची का?"

"आवो, तो शिंपी इचारत न्हवता का, डोस्कं कुनाचं म्हनून?"

"इचारलं," भाऊजी म्हणाले. "म्या माप दिलं."

नुसतं माप घेत गावभर फिरलेल्या माणसाला स्वतःचंच माप जमलं नाही, म्हणून लोक पोट धरून हसले. मीही पदराआड हसले. कोणीतरी टोपी चंद्रीच्या शिंगांवर ठेवली, तिला ती बरी दिसली. भाऊजी रागावतील असं वाटलं होतं. ते रागावले नाहीत. टोपी काढून घेतली, झटकली आणि आत गेले.

दुसऱ्या दिवशी ते रानात गेल्यावर मी त्यांची खोली झाडायला घेतली. खाटेखाली माझी चुंबळ होती. तिच्याभोवती ती शाईची नाडी घट्ट बांधलेली, आणि जिथं टोकं जुळली तिथं गाठ.

मी झाडू हातात घेऊन खाली बसले.

चुंबळ माझ्या डोक्यावर बसते. म्हणजे माझ्या डोक्याचं माप चुंबळीत असणार, असा त्यांचा हिशोब. गावातलं प्रत्येक डोकं त्यांनी मोजलं, पण भावजयीच्या डोक्याला नाडी कशी लावायची? आणि विचारायचं तरी कुणाला? चंद्रीला?

संध्याकाळी ते गोठ्यात बसून चंद्रीशी बोलत होते. मी भिंतीआड भाकरी थापत होते. "हिला लय ऊन लागायचं बग कापणीला," ते म्हणत होते. "कवा म्हनाली न्हाई. मी बी कवा इचारलं न्हाई." हिला म्हणजे माझ्या जावेला. चंद्रीच्या पाठीवर हात फिरवत म्हणाले, "आन् ही बी म्हनायची न्हाई."

माझी भाकरी करपली.

मी धीट बाई नाही. जाऊन सांगणं मला जमलं नसतं. सकाळी मी डोक्यावर पदर घेतला, केसांच्या गाठीसकट, आणि माझ्या परकराची एक नवी नाडी त्यावरून फिरवली. कानाच्या वर एक बोट, कपाळाच्या मधून. आत दोन बोटं घातली आणि गाठ मारली. नाडी चंद्रीच्या गळ्यात बांधली आणि तिला भाऊजींच्या दाराकडे हाकललं. ती आधी परसातल्या मेथीकडे गेली, मग दाराकडे. परत आली तेव्हा गळा मोकळा होता.

 त्या आठवड्यात भाऊजींच्या कणगीतला इंद्रायणी तांदूळ हातभर खाली गेला, आणि ते एकदा सोमाटण्याला जाऊन आले.

काल सकाळी चंद्रीच्या खुंटीला टोपी टांगलेली होती. चंद्री चरायला गेली होती. भाऊजी अंगणात माझ्याकडे पाठ करून दोरखंड वळत बसले होते. मी पदरावरून टोपी घातली. घट्ट. एवढं माप देऊन पुन्हा घट्ट.

"चंद्रे," भाऊजी रिकाम्या खुंटीला म्हणाले, "धाकलीला इचार, दोन बोटं जात्यात का."

"न्हाई जात," मी खुंटीला सांगितलं.

भाऊजींचे हात थांबले. "आतली पट्टी बग म्हनावं."

मी टोपी उलटी केली. आतल्या पट्टीत काहीतरी दुमडून घातलेलं हाताला लागलं. ओढलं तर नोटा. माझ्या डब्यातले पैसे. मी तिथंच उभ्यानं मोजले. एक रुपया कमी नव्हता.

पैसे कनवटीला लावले आणि टोपी पुन्हा घातली. दोन बोटं गेली.

"जात्यात, भाऊजी," मी म्हणाले.