गुंडूची बदली

"आबा, तुम्हाला फक्त ट्रान्सफर करायची आहे," वेदिका फोनवर म्हणाली. "जमेल ना?"

पद्माकर खांबेट्यांना हा प्रश्न जरा लागला. बंगळूरच्या एका सरकारी कारखान्याच्या आस्थापना विभागात त्यांनी एकतीस वर्षं बदल्यांखेरीज दुसरं काही केलं नव्हतं.

"बेटा, या हातांनी मी चार हजार माणसांच्या ट्रान्सफर केल्यात," ते म्हणाले. "तुझे प्राणी किती?"

"एकशे बारा."

"मग झालंच म्हणून समज."

हे प्राणी खरे नव्हते. ते तळहाताएवढ्या, दोन पडद्यांच्या एका यंत्रातल्या खेळात राहत. वेदिकानं ते गेल्या चार वर्षांत गवतातून, गुहांतून, तळ्यांतून एकेक करून पकडले होते आणि त्यांना आपल्या मर्जीनं नावं दिली होती. बोंडा, कोसंबरी, चिरमुरी, मैसूरपाक. नावांवरून मुलगी खेळते कधी आणि तिला भूक लागते कधी, हे सहज कळत असे. आता त्या यंत्राची बिजागरी सैल झाली होती आणि बॅटरी तासाभरात मान टाकत होती, म्हणून आईनं नवं यंत्र मागवलं होतं. जुन्यातले प्राणी नव्यात नेता येत. पण ती सोय खेळाची कंपनी आज संध्याकाळी पाच वाजता कायमची बंद करणार होती. नवं यंत्र कुरियरवाल्यानं आणून दिलं ते आज सकाळी अकरा वाजता. तोवर वेदिका आणि तिची आई प्रांजली बेळ्ळंदूरच्या वाटेला लागल्या होत्या. तिथल्या शाळेत एक वाजता वेदिकाची मुलाखत होती.

बेळ्ळंदूर हे नाव सध्या बनशंकरीच्या या घरात जपूनच घेतलं जाई. क्षितिजचं, म्हणजे पद्माकररावांच्या मुलाचं ऑफिस तिकडे. जाण्यायेण्यात रोजचे चार तास जात होते, तेव्हा त्यानं तिकडेच चौदाव्या मजल्यावर घर घेतलं. येत्या रविवारी त्या तिघांच्या सामानाचा ट्रक येणार होता; आबा-आजी मात्र इथेच राहणार होते. नकाशात हे अंतर पंधरा किलोमीटर भरतं. पण बंगळूरच्या माणसाला विचाराल, तर ते दुसरं गाव आहे. पद्माकरराव त्याबद्दल एक अक्षर बोलले नव्हते. नुसते आठ दिवस सकाळी पेपर उलटा धरून बसत.

म्हणून हे काम त्यांना फार मोलाचं वाटलं. नातीनं विश्वासानं सोपवलेलं होतं. त्यांनी चष्मा पुसला, दोन्ही यंत्रं जेवणाच्या टेबलावर शेजारी शेजारी ठेवली, कोरा कागद घेतला आणि वर लिहिलं : विषय – बदली.

नवं यंत्र सुरू केल्याबरोबर त्याच्या पडद्यावर एक लांब पट्टी आली आणि मुंगीच्या पावलांनी भरू लागली. काहीतरी तयारी चालली असेल, असं समजून त्यांनी ते बाजूला ठेवलं आणि जुनं चार्जिंगला लावून उघडलं. प्राण्यांच्या चार पेट्या होत्या, एकेका पेटीत तीस. त्यांनी पहिली पेटी निवडली, तशी पाटी आली : बोंडाच्या हातात वस्तू आहे, तो जाऊ शकत नाही.

"अलका, इकडे ये," त्यांनी बायकोला हाक मारली. "हे बघ. चार्ज दिल्याशिवाय सोडत नाहीत!"

"कोण सोडत नाही?" अलकाताई चटणीचा हात पुसत आल्या.

"अगं, या बोंडाच्या ताब्यात ऑफिसचं एक फळ आहे. ते जमा केल्याशिवाय त्याला जाता येत नाही. खेळ बनवणारा माणूस आपल्यातलाच असणार."

त्यांनी बोंडाकडून फळ काढून घेतलं. कोसंबरीकडून शिट्टी, चिरमुरीकडून गंडा. पहिल्या पेटीतल्या तीसही जणांचा चार्ज जमा झाला, तेव्हा पाऊण तास गेला होता आणि पद्माकरराव कित्येक महिन्यांत नव्हते इतके खूश होते. आता ट्रान्सफरचं बटण दाबायचं. पण ते बटण मघापासून फिकट पडलं होतं. दाबलं तरी हूं की चूं करीना.

खरं कारण शेजारीच होतं. नव्या यंत्राची पट्टी अजून अर्धीसुद्धा भरली नव्हती आणि ती भरेपर्यंत ते बटण पेटणारच नव्हतं. दुसरा कोणी असता, तर त्यानं वाट पाहिली असती किंवा वैतागून चहा घेतला असता. पण अनुभवी माणसाचं हेच वाईट असतं, त्याला कारण आधीच माहीत असतं. पद्माकररावांनी बोंडावर बोट ठेवलं. छोटी यादी उघडली. माहिती, हलवा, आणि खाली ठसठशीत : रिलीज.

"हात्तिच्या!" ते म्हणाले.

"सापडलं?" अलकाताईंनी विचारलं.

"मीच विसरलो. बदलीचा हुकूम निघाला, म्हणून माणूस हलतो का? आधी जुन्या ऑफिसनं रिलीज करावं लागतं. रिलीज नाही तर ट्रान्सफर नाही. माझ्या अख्ख्या नोकरीत मी हेच सांगत आलो."

"वेदिकाला एकदा विचारा ना."

"ती मुलाखतीत असेल. आणि यात विचारायचं काय आहे?"

त्यांनी रिलीज दाबलं. यंत्रानं विचारलं, नक्की? त्यांनी होय म्हटलं. बोंडानं पडद्यावरून हात हलवला आणि खाली अक्षरं उमटली : बाय बाय, बोंडा!

पद्माकरराव हेलावले. त्यांच्या कारखान्यात रिलीज ऑर्डर शिपाई टेबलावर टाकून जात असे, तीही चहाचा डाग पडलेली. इथे प्रत्येकाला नावानं निरोप होता. त्यांनी कागदावर बोंडापुढे खूण केली आणि कोसंबरी घेतली. मग चिरमुरी, मग मैसूरपाक.

अलकाताईंनी कॉफी आणून ठेवली आणि रिकाम्या होत चाललेल्या पेटीकडे पाहिलं. "हे सगळे गेले कुठे?"

"नव्या ऑफिसला."

"पोचले का?"

"जॉइनिंग टाइम असतो. गाव बदललं तर दहा दिवस. गावातल्या गावात असेल तर एक दिवस."

"अहो, पण दोन्ही यंत्रं एकाच टेबलावर आहेत."

"म्हणूनच एक दिवस म्हणतोय."

एकोणतीस झाले. तिसावा गुंडू होता. निळा, गोल, डोक्यावर एक बुटकं शिंग. हा वेदिकाचा पहिला प्राणी. ती सात वर्षांची असताना डेंग्यूनं बारा दिवस अंथरुणात होती, तेव्हा तो पकडला होता. आबा उशाशी बसून यंत्र धरत आणि ती दोन बोटांनी बटणं दाबत असे. गुंडू हे नाव आबांनीच सुचवलं होतं. कानडीत गोलमटोल पोराला म्हणतात तसं. त्याला निरोप देताना पद्माकररावांचं बोट क्षणभर थांबलं.

"जा बाबा," ते पुटपुटले. "नव्या जागी जरा जड जाईल सुरुवातीला. नीट राहा. तिच्याकडे लक्ष ठेव."

बाय बाय, गुंडू! पेटी रिकामी झाली.

तेवढ्यात फोन वाजला. तीन वाजून दहा मिनिटं झाली होती.

"आबा, शाळेत मिळाली ॲडमिशन! आम्ही सिल्क बोर्डच्या चौकापर्यंत आलो. किती झाले?"

"अभिनंदन! एक पेटी पूर्ण. तीसही जण रिलीज केले."



"आबा," वेदिका अगदी हळू म्हणाली, "रिलीज?"

"हो. रीतसर."

मग फोन प्रांजलीनं घेतला. "आबा, रिलीज म्हणजे त्यांना जंगलात सोडून देतात हो. कायमचं. ते परत येत नाहीत." मागे वेदिका रडत असल्याचं ऐकू येत होतं. मोठ्यानं नाही, उशीत तोंड खुपसल्यासारखं.

पद्माकररावांनी फोन खाली ठेवला. कागदावर तीस खुणा होत्या, तिसावी जरा जास्तच ठळक. चार हजार माणसांत त्यांच्या हातून एकही माणूस हरवला नव्हता. आणि आज स्वतःच्या नातीचे तीस जण त्यांनी हसतहसत, नावानिशी घालवले होते. गुंडूला तर वर उपदेशही केला होता. त्यांना स्वतःची इतकी लाज वाटली की अलकाताईंनी पाठीवर ठेवलेला हातही नकोसा झाला.

"रविवारी जाणारच आहे ती," ते म्हणाले. "जाताना माझी ही आठवण घेऊन जाणार."

सव्वाचारला रिक्षा दारात थांबली. वेदिका आत आली, तिच्यामागून प्रांजली. डोळे लाल होते, पण ती ओरडली नाही, आणि तेच जास्त वाईट होतं. तिनं जुनं यंत्र हातात घेतलं, रिकामी पेटी पाहिली आणि आबांच्या शेजारची खुर्ची ओढून बसली.

"आबा, रागावणार नाही. फक्त खरं सांगा. नंतर सेव्ह केलंत का?"

"सेव्ह?"

"ते विचारतं बघा मधून मधून, सेव्ह करू का म्हणून."

"विचारत होतं की. दर पाच मिनिटांनी. मी नको म्हटलं."

वेदिका ताठ झाली. "प्रत्येक वेळी?"

"प्रत्येक वेळी! अगं, सेव्ह म्हणजे प्रकरण कायम करणं. तो अधिकार मला कुठे आहे? प्राणी तुझे. मी नुसता टिपणी तयार करणारा. तू आलीस, पाहिलंस, सही केलीस, मग कायम. वरच्याच्या सहीशिवाय मी आयुष्यात एकही प्रकरण..."

त्यांचं वाक्य पुरं व्हायच्या आत वेदिकानं यंत्र सरळ बंद केलं. मग पुन्हा सुरू केलं. चौघांची डोकी त्या छोट्या पडद्यावर एकमेकांना आपटली. पेटी उघडली. बोंडा होता. कोसंबरी होती. चिरमुरी, मैसूरपाक, आणि शेवटच्या घरात एक बुटकं शिंग.

"आबा!" वेदिकानं त्यांच्या गळ्याला इतक्या जोरात मिठी मारली की चष्मा कॉफीत पडला. "सेव्ह केलं नाही, म्हणजे काही झालंच नाही! तुम्ही ग्रेट आहात!"

ही पदवी पद्माकररावांना एकतीस वर्षांत कोणी दिली नव्हती. सह्यांसाठी अडवून धरतात, म्हणून शिव्या मात्र पुष्कळ मिळाल्या होत्या. त्यांनी कॉफीतून चष्मा काढला आणि बराच वेळ पुसत बसले.

"घड्याळ बघा, घड्याळ!" प्रांजली म्हणाली. "चार पंचवीस. आणि फळं पुन्हा सगळ्यांच्या हातात गेलीत."

नव्या यंत्राची पट्टी एव्हाना भरली होती आणि ट्रान्सफरचं बटण लख्ख पेटलं होतं. पुढचा अर्धा तास त्या टेबलानं कारखान्याचा मार्चअखेर पाहिला. पद्माकरराव यादीतून नावं वाचत. प्रांजली वस्तू काढून घेई. तिचा अंगठा दुखायला लागला तेव्हा अलकाताईंनी यंत्र ओढून घेतलं आणि शेंगा सोलाव्यात त्या वेगानं उरलेली फळं काढली.

"आजी, तुम्हाला हे कधीपासून येतं?" वेदिकानं विचारलं.

"यात काय येण्यासारखं आहे? स्वल्प बाजूला हो, उजेड अडतोय."

वेदिका एकेक पेटी पाठवू लागली. नव्या यंत्रात बोंडा उगवला आणि इकडेतिकडे बघायला लागला, तशी चौघांनी टाळ्या वाजवल्या. पाच वाजायला तीन मिनिटं असताना एकशे अकरा जण पोचले होते. मग जुन्या यंत्रावर पाटी आली : इथे निदान एक तरी प्राणी राहायलाच हवा.

राहिला होता गुंडू.

"अगं, हे काय?" प्रांजली ओरडली. "गुंडूला आधी नाही का पाठवायचं? परत बोलाव कुणाला तरी!"

"परत येता येत नाही, आई. तिकडे गेलं की गेलं."

"बोंडाला ठेवायचं होतं इथे!" पद्माकररावांचा आवाज चिरकला. "माझंच चुकलं, यादी माझ्या हातात होती. वेदू, मला माफ..."

"आबा, मला माहीत होतं एकाला राहावं लागतं," वेदिका म्हणाली. "मी मुद्दाम पेटीतून बाजूला काढून ठेवलाय त्याला."

घड्याळात पाच वाजले. ट्रान्सफरचं बटण पडद्यावरून गेलं आणि आता कायमचं गेलं. वेदिकानं सेव्ह दाबलं. मग सैल बिजागरी सांभाळत यंत्र आबांसमोर सरकवलं.

"तो इथलाच आहे ना. त्याला बेळ्ळंदूरमध्ये करमणार नाही. त्याला रोज सकाळी एकदा खायला द्यायचं आणि संध्याकाळी फिरवायचं. वर लाल दिवा लागला की चार्जिंगला लावायचं. आणि तुम्ही एकटे असलात की त्याच्याशी बोलायचं, तो मान हलवतो. त्याची बदली रद्द."

बदली रद्द करा, असे शेकडो अर्ज पद्माकररावांनी आयुष्यात 'विचार करता येत नाही' एवढा शेरा मारून परत पाठवले होते. आज त्यांना त्या सगळ्या अर्जदारांची फार आठवण आली. त्यांनी कागद उचलला, बदलीवर काट मारली आणि खाली वेदिकाला सही करायला लावली. तिनं गोल अक्षरात केली.

"पण मी तपासायला येणार हं," वेदिका म्हणाली. "नीट खायला घालता की नाही ते. दर महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी."

"छे छे," पद्माकरराव म्हणाले. चष्म्याच्या काचेवर इतकं पुसूनही कॉफीचा ओघळ राहिला होता, त्यामुळे डोळ्यांत नेमकं काय आहे ते कोणाला दिसत नव्हतं. "आधी कळवून तपासणी कसली? मी सगळं आवरून ठेवीन. अचानक यायचं. मंगळवारी ये, बुधवारी ये. केव्हाही, न सांगता."