गोदाजिजींच्या मोटारीतला लाल दिवा

गोदाजिजी मोटारीचा हॉर्न कधी वाजवत नसत. हॉर्न बिघडलेला नव्हता. चांगला दणदणीत भोंगा होता, दाबला की अर्ध्या जळगाव जामोदला ऐकू जाईल असा. पण आपल्याच गावातल्या माणसाच्या पाठीमागे जाऊन भोंगा वाजवायचा, हे जिजींना उद्धटपणाचं वाटे. त्या खिडकीतून मान बाहेर काढत आणि समोरच्याला नावानं हाक मारून सांगत, "किसन, सरक बाबा, मी येऊन राह्यली." रस्त्यात म्हैस बसली असेल तर म्हशीच्या मालकाचं नाव घेत. एकदा बाजाराच्या दिवशी परगावचा एक माणूस आडवा आला. त्याचं नाव ठाऊक नव्हतं. जिजींनी गाडी उभी केली, त्याला नाव विचारलं, गाव विचारलं, पीकपाणी विचारलं, आणि मगच बाजूला व्हायला सांगितलं.

नवं राज्य होऊन दोन-तीन वर्षं झाली असतील तेव्हा मी नाशिककडून तिथल्या हायस्कुलात ड्रॉइंग मास्तर म्हणून गेलो. जिजींच्या अंगणात मोटारखान्याला लागून एक खोली होती, ती मला मिळाली. पहिल्याच सकाळी मी खिडकीतून पाहिलं, तर नऊवारी नेसलेली, पन्नाशी ओलांडलेली एक बाई डोळ्यांवर पुरुषी काळा चष्मा चढवून मोटारीत बसत होती. बसण्याआधी तिनं चपला काढल्या आणि मागच्या सीटवर नीट जोडीनं ठेवल्या. चपलेतून ब्रेक कळत नाही, असं त्यांचं मत होतं. त्यामुळे गाडीत बसणाऱ्या पाहुण्याच्या शेजारी नेहमी जिजींच्या चपला बसलेल्या असत.

मोटार त्यांच्या यजमानांची, भाऊसाहेबांची. त्यांची सातपुड्याच्या पायथ्याशी मोठी शेती होती. उतारवयात त्यांची नजर गेली तेव्हा त्यांनी ड्रायव्हर ठेवला नाही, बायकोला शिकवलं. शेजारी बसून ते इंजिनाचा आवाज ऐकत आणि गियर सांगत. जिजी समोर काय आहे ते सांगत. बैलगाडी, उतार, नाला, पुन्हा बैलगाडी. दोघांत मिळून एक ड्रायव्हर होत असे, असं गावातली जुनी माणसं सांगायची. भाऊसाहेब गेले तेव्हा जिजींकडे डोळे होतेच, कानही तोवर तयार झाले होते.

या शिकवणीतूनच की काय, त्यांना एक वाक्य जडलं होतं. "पाह्यल्याबिगर नाही." कोणी काहीही सांगो, स्वतः पाहिल्याशिवाय त्या मानत नसत. एकदा कोणीतरी सांगितलं की म्हातारे पोस्टमास्तर गेले. गाव हळहळलं. जिजी "पाह्यल्याबिगर नाही" म्हणून मोटार काढून त्यांच्या घरी गेल्या आणि पोस्टमास्तरांच्या हातचा चहा पिऊन परत आल्या. गेले होते ते त्यांचे मलकापूरचे व्याही.

तर त्या हिवाळ्यात मोटारीतला लाल दिवा लागायला लागला.

दिवा म्हणजे काट्यांच्या शेजारी, डाळिंबाच्या दाण्याएवढा. किल्ली फिरवली की लागायचा, इंजिन सुरू झालं की विझायचा. विझला म्हणजे इंजिनात तेलाचा दाब ठीक आहे. चालत्या गाडीत लागला म्हणजे थांबा, नाहीतर इंजिन घासून जाम होईल. जिजींचा दिवा गाडी तापली की लागायचा. गावात फिरून आलं तर काही नाही, पण वरवट बकालच्या रस्त्याला लागलं आणि थोडं दूर गेलं की हळूच डोळा उघडायचा.

जिजींनी तेलाची कांडी काढून पाहिली. तेल काठोकाठ होतं. मग गफूरमिस्त्रीला बोलावलं. स्टँडजवळ त्याचं दुकान होतं. माणूस हुशार, पण ज्या कामात हात काळे होणार नाहीत ते काम आधी सुचवणारा. त्यानं इंजिनाला कान लावला, आवाज साफ आहे म्हणाला, आणि दिवाच खोटा आहे असा निकाल दिला.

"बल्ब काढून टाकतो ना जिजी. झंझटच खतम."

"पाह्यल्याबिगर नाही," जिजी म्हणाल्या.

तेल बदललं. दिवा लागलाच. तेलाची जाळी धुतली. दिवा लागलाच. यात माझी नेमणूक अशी झाली की जिजींना एकाच वेळी रस्ता आणि दिवा पाहता येईना. त्यांनी मला शेजारी बसवलं आणि सांगितलं की मास्तर, तुम्ही दिव्याकडे पाहा, मी रस्त्याकडे पाहते. मी शाळा सुटली की रोज मोटारीत बसून त्या दाण्याकडे टक लावायचो आणि मैलाच्या दगडागणिक "विझलेला आहे" असं कळवायचो. मी गप्प राहिलो तर जिजी विचारायच्या, झोपले काय? आठवड्याभरात आमचे हेडमास्तर मला दिवाबत्ती मास्तर म्हणायला लागले.

जिजींना एवढी घाई कसली, ते कोणाला कळत नव्हतं. मग बाजारात बातमी फुटली की जिजींना बीबीला जायचं आहे. बीबी म्हणजे जिल्ह्याचं पार दुसरं टोक, लोणारकडे. आणि बीबी म्हटल्यावर गावाला एकच गोष्ट आठवली. शेवंताबाई.

शेवंताबाई ही जिजींची सवत. जिजींना मूल झालं नाही म्हणून भाऊसाहेबांनी फार वर्षांपूर्वी दुसरं लग्न केलं होतं. त्या काळी अशी लग्नं होत. शेवंताबाईंनाही मूल झालं नाही. दोघी एका चुलीवर वीसेक वर्षं राहिल्या, आणि भाऊसाहेब गेल्यानंतर एका सकाळी शेवंताबाई बोचकं घेऊन एसटीत बसल्या आणि बीबीला भावाकडे निघून गेल्या. भांडण कशावरून झालं ते कोणाला ठाऊक नव्हतं. पुढे एका कापसाच्या व्यापाऱ्यानं खबर आणली की शेवंताबाई विहिरीच्या पायरीवरून पडल्या, मांडीचं हाड मोडलं, आता काठीनं कशाबशा चालतात. जिजींनी ते ऐकून घेतलं आणि व्यापाऱ्याला चहा दिला. गावानं ठरवलं की जिजी पडलेल्या सवतीला चार शब्द सुनावायला चालल्या आहेत. खरं सांगायचं तर मीही तेच ठरवलं होतं.

गफूरमिस्त्री मात्र कंटाळला होता. एकदा मोटारखान्यात त्यानं हात पुसत सांगून टाकलं की जिजी, माझ्या जबाबदारीवर जा, बीबी काय, औरंगाबादेला जा, काही होत नाही.

जिजी बॉनेटवर हात ठेवून उभ्या होत्या. आवाज न चढवता म्हणाल्या, "नुसतं जायचं असतं तं मी दिवा फोडून गेली असती. येताना गाडीत माणूस राहीन. मोडल्या पायाचं. रस्त्यात गाडी बंद पडली तं त्याले मी कुठं बसवू?"

गफूरमिस्त्री माझ्याकडे पाहायला लागला. मी त्याच्याकडे. मग त्यानं बाह्या वर केल्या आणि पहिल्यांदाच, पोऱ्याला न सांगता, स्वतः गाडीखाली शिरला.

इंजिनाच्या अंगाला सुपारीएवढं एक पितळी बटण होतं. त्यातून एक तार दिव्याकडे जात होती. तेलाचा दाब कमी झाला की बटण दिव्याला कळवणार. गफूरनं गाडी तापवून दिवा लागू दिला आणि बटणावरची तार काढली. दिवा विझला. तार वाटेत कुठं लोखंडाला टेकत असती तर तो लागलेलाच राहिला असता, म्हणजे तारेत दोष नव्हता. आता दोनच गोष्टी उरल्या. एक तर दाब खरोखर कमी होत होता, नाहीतर बटण खोटं सांगत होतं.

"बटन खोटं हाये," गफूर म्हणाला, आणि जिजींचं तोंड उघडायच्या आधी स्वतःच म्हणाला, "हाव, हाव. पाह्यल्याबिगर नाही."

दाब पाहायचा तर बटणाच्या जागी दाब मोजायचं घड्याळ बसवायला हवं. ते जिनिंग फॅक्टरीच्या इंजिनावर होतं. जिजी फॅक्टरीच्या मॅनेजरच्या दारात जाऊन बसल्या. तो जेवायला गेला होता, तो येईपर्यंत बसल्या. घड्याळ मिळालं, पण त्याचे आटे आमच्या भोकाला बसेनात. गफूर नांदुऱ्याला जाऊन मधला जोड कातून घेऊन आला. मग आम्ही तिघं निघालो. दिवा गाडी तापल्याशिवाय लागत नसे, म्हणून त्याची वाट पाहत जायचं होतं. नेमका तो वरवट बकालच्या बाजारात लागला.

"लागला," मी म्हणालो.

जिजींनी जागच्या जागी गाडी उभी केली. बाजारातली माणसं भोवती जमली. गफूरनं तापलेलं बटण फडक्यात धरून काढलं, घड्याळ बसवलं आणि जिजींना इंजिन सुरू करायला सांगितलं. घाईत जोड नीट आवळला गेला नव्हता. कढत तेलाची चिळकांडी उडाली ती थेट माझ्या पांढऱ्या शर्टावर. मी ओरडलो, मिरच्यावाली बाई हसली, गफूरनं पाना फिरवला. आणि घड्याळाचा काटा टुणकन वर जाऊन थांबला.

जिजी खाली उतरल्या. अनवाणीच. त्यांनी चष्मा काढला आणि काट्याजवळ तोंड नेऊन बराच वेळ पाहिलं. गफूरला पेट्रोल कमी-जास्त करायला लावलं. काटा थोडा हलला, पण खाली काही आला नाही. इंजिन ठणठणीत होतं. बटणच खोटं बोलत होतं.

"पाह्यलं," त्या म्हणाल्या, आणि मिरच्यावालीकडून माझ्या शर्टासाठी राख मागून आणली.

अकोल्याहून नवं बटण आलं. ते बसवल्यावर जिजी पुन्हा वरवट बकालपर्यंत जाऊन आल्या. दिवा विझलेलाच राहिला. दुसऱ्या दिवशी रविवार होता. पहाट फुटताच आम्ही दोघं बीबीला निघालो.

खामगाव, मेहकर, सुलतानपूर. परक्या गावांतल्या माणसांची नावं जिजींना ठाऊक नव्हती, तरी त्यांनी भोंगा वाजवला नाही. "ओ भाऊ, ओ मायबाई" करत आम्ही दुपारी बीबीला पोचलो.

शेवंताबाई भावाच्या ओट्यावर तूर निवडत बसल्या होत्या. काठी भिंतीला टेकलेली होती. मोटार पाहून त्या उठल्या नाहीत. सूप मात्र थांबलं. भाऊ धावत आला, आम्हाला पाणी दिलं आणि चहाच्या निमित्तानं आत गेला. जिजी ओट्याच्या कडेला बसल्या. दोघींच्या मधे तुरीचा ढीग होता.

"पाय कसा हाये?"

"आहे," शेवंताबाई म्हणाल्या. एवढी वर्षं जळगाव जामोदला काढूनही त्यांची बोली बीबीचीच होती. मग त्यांनी विचारलं, "एवढ्या लांब कशाला आलीस, जिजी? ते गेल्यावर त्यांचा कोट मी शेतावरच्या सालदाराला दिला, तर तू म्हणालीस की माझ्या नवऱ्याचा कोट द्यायचा तुला काय अधिकार. माझ्या नवऱ्याचा म्हणालीस."

मी उठून मोटारीकडे जायला लागलो. जिजींनी हातानं बसा म्हणून खुणावलं. त्यांना बहुधा एकटीनं बोलायची भीती वाटत असावी. त्यांनी ढिगातले दोन खडे वेचले आणि बाजूला टाकले.

"कोट दिला ते बरं केलं," त्या म्हणाल्या. "थंडीत त्याच्या अंगावर पाह्यते मी. बरं वाटते. मलेच सुचायले पाह्यजे होतं."

शेवंताबाई पुन्हा सूप पाखडायला लागल्या.

"भाकरी दोघींच्याच होतात माह्या हातून," जिजी पुढे म्हणाल्या. "पीठ कमी घेते म्हणते, तरी दोघींचंच होते. एक उरते. सकाळी गाईले देते. गाय बी आता कंटाळली."

शेवंताबाईंनी सूप खाली ठेवलं. पदरानं तोंड झाकलं. त्या हसताहेत की रडताहेत ते मला कळलं नाही. मग काठी घेऊन त्या आत गेल्या. आत बराच वेळ भांडीकुंडी वाजत राहिली. चहा आला, निवला. जिजींनी तो हातात तसाच धरला होता.

शेवंताबाई बाहेर आल्या तेव्हा त्यांच्या काखेत बोचकं होतं.

येताना मी मागच्या सीटवर बसलो, जिजींच्या चपलांच्या शेजारी. पुढे शेवंताबाई पाय लांब करून बसल्या. सकाळी खड्ड्यांतून सुसाट आलेल्या जिजी आता प्रत्येक खड्डा ओळखून, बाजूनं, बैलगाडीच्या चालीनं नेत होत्या. मागून ट्रकवाले भोंगे वाजवत होते. त्यांना त्या खुशाल पुढे जाऊ देत होत्या.

मेहकर मागं पडलं तसं वारं सुटलं. जिजींचा पदर डोक्यावरून सारखा उडायला लागला. त्यांचे दोन्ही हात चाकावर होते. शेवंताबाईंनी एकदा तो सावरला, पुन्हा सावरला, आणि मग पदराचं टोक मुठीत धरूनच बसल्या. खामगावच्या अलीकडे उन्हं कलली तेव्हा मी पुढे वाकून पाहिलं. शेवंताबाईंना झोप लागली होती. मान खिडकीकडे कलंडली होती, पण मूठ सुटली नव्हती. जिजी पदराच्या ओढीनं कललेली मान तशीच ठेवून, समोर पाहत गाडी चालवत होत्या.