त्रेपन्नचे पस्तीस

नोकरीच्या सव्विसाव्या वर्षी दयानिधी नंद यांनी विद्यापीठाच्या पात्रता विभागाच्या नोंदवहीत ५३ ऐवजी ३५ लिहिले. समोर गुणपत्रिका होती, डोळ्यांवर चष्मा होता. तरी आकडे उलटे पडले, आणि इतिश्री जेना नावाची मुलगी एम.ए.च्या प्रवेशाला अपात्र ठरली. अट पन्नास टक्क्यांची होती.

यादी लागल्याच्या दुसऱ्या दिवशी ती खिडकीशी आली. ओळख ना पाळख, पण वडीलधाऱ्या माणसाला हाक मारावी तशी म्हणाली, "मावसा, हे बघा ना. त्रेपन्न आहेत."

नंदबाबूंना चूक तिथल्या तिथे दिसली. पण मागे पट्टनायक साहेब उभे होते. "अर्ज देऊन जा, तपासून बघू," नंदबाबू म्हणाले.

ती गेल्यावर त्यांनी साहेबांना खरं काय ते सांगितलं.

"यादीवर कुलगुरूंची सही झालीय," साहेब म्हणाले. "तुमच्या वेंधळेपणापायी त्यांना पुन्हा सही मागू? तिच्या कॉलेजला पत्र टाका. उत्तर आलं की समितीपुढं ठेवू."

कॉलेजचं उत्तर आलं: चक्रीवादळात दप्तर भिजले असून सध्या वाळत आहे. ते वाळेपर्यंत प्रवेश संपले. इतिश्री कटकला हायकोर्टात गेली. तिला वर्गात बसू द्या, परीक्षाही देऊ द्या, निकाल मात्र बंद पाकिटात ठेवा, असा हुकूम झाला. विद्यापीठाच्या वकिलांनी प्रतिज्ञापत्र तयार केलं: 'नोंदी नियमानुसार तपासल्या आहेत.' खाली सही नंदबाबूंची हवी होती.

"साहेब, चूक माझीच आहे हो."

"होती. केसला नंबर पडल्यापासून ती विद्यापीठाची भूमिका आहे. करा सही."

पेन्शनला चार वर्षं उरली होती. नंदबाबूंनी सही केली.

पुढे निकालाचं पाकीट त्यांच्याच कपाटात आलं. दर तारखेला ते कापडी पिशवीत घालून कटकला न्यायचं आणि परत आणायचं. सकाळी बस एकच. इतिश्रीही त्याच बसमध्ये. पहिल्या दोन तारखांना दोघं लांब बसली. तिसऱ्या तारखेला ती शेजारी आली आणि तिनं डबा उघडला. आत चकुली पिठा, म्हणजे तांदळा-उडदाची धिरडी, आणि बटाट्याची भाजी.

"घ्या, मावसा. उपाशी माणसाला कोर्ट लांबची तारीख देतं."

येताना नंदबाबू तिला गाड्यावरचा दहीबरा-आलूदम, दहीवड्यावर बटाट्याचा रस्सा, खाऊ घालायचे. पुढे पुढे त्यांच्या रक्तदाबाच्या गोळीची आठवणही तीच करायला लागली.

"पास झालेय का हो मी?" पिशवीकडे बघत ती एकदा म्हणाली.

"सीलबंद आहे."

"हलवून तरी बघा."

चौदाव्या तारखेला न्यायमूर्तींनी गुणपत्रिका आणि नोंदवहीची प्रत शेजारी शेजारी धरली. "इथं त्रेपन्न, तिथं पस्तीस. हे पस्तीस लिहिलं कोणी?"

"नोंदी नियमानुसार..." वकिलांनी सुरुवात केली.

मागच्या बाकावरून नंदबाबू उठले. "मी लिहिलं, हुजूर. चुकून. दुसऱ्याच दिवशी कळलं होतं मला."

दोन वर्षांची केस सहा मिनिटांत मिटली. पाकीट फोडलं. इतिश्री पहिल्या वर्गात आली होती. नंदबाबूंनी निलंबनासाठी मनाची तयारी केली होती, पण कोर्टाच्या निकालपत्रात 'लिहिण्यातील किरकोळ चूक' एवढंच आलं. बाहेर आल्यावर साहेबांचा फोन. "आधीच बोलायचं की, नंदबाबू. आम्ही कुठं नाही म्हटलं होतं?"

परतीच्या बसमध्ये त्यांनी शेजारच्या जागेवर रुमाल टाकून ठेवला. इतिश्री चढली आणि तिथंच उभी राहिली.

"दुसऱ्याच दिवशी?" तिनं विचारलं.

"हो."

"आणि दर तारखेला माझ्या डब्यातलं खात होतात."

नंदबाबूंनी सीटवरचा रुमाल सारखा केला.

"बापाला अजून वाटतं, गुणपत्रिकेत मीच खाडाखोड केली."

"मी येतो. त्यांच्या पाया पडून सांगतो."

"नको," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. "त्यांना तुमच्याबद्दल फार चांगलं सांगून ठेवलंय मी. तेवढं तरी राहू द्या." आणि ती अगदी मागच्या सीटवर जाऊन बसली.

पुढच्या थांब्यावर कोंबड्यांची टोपली घेऊन एक म्हातारा चढला आणि रुमालावरच बसला.

"कोर्टातून का?" पिशवी बघून त्यानं विचारलं.

"हो."

"कुणाची केस?"

"मुलीची."

"जिंकली?"

"जिंकली."

"मग मिठाई काढा की," म्हातारा म्हणाला.