तेरावी थप्पड

मालननं सिनेमाला घर दिलं, चूल दिली, दहा वर्षांचा किशासुद्धा दिला. अट एकच. "माझ्या पोराला खरा हात लागला, तर शूटिंग बंद."

"अहो ताई," दिग्दर्शक श्रीरंग छातीवर हात ठेवून म्हणाला, "आमचा सिनेमाच मुळी पोरांना मारू नये यावर आहे!"

सीन साधा होता. उपाशी पोरगा भाकरी चोरतो, दारुडा बाप थोबाडीत देतो. बाप झालेल्या भास्कररावांनी गालापासून वीतभर लांबून हात फिरवायचा, त्याच क्षणी कॅमेऱ्यामागून युनिटमधल्या नानानं टाळी वाजवायची. पण भास्करराव स्वभावानं गरीब. हात उचलला की तोंडातून निघायचं, "लागेल हं बाळा!" नानाची टाळी कधी आधी पडायची, कधी भास्करराव बिडी पेटवायला लागल्यावर. किशाला हसू आवरेना. बारा टेक वाया गेले. दारात जमलेल्या बायकांना राहवेना.

"आवं, मनगट सैल सोडा!"

"कानाखाली घ्या, कानाखाली!"

"आमच्या ह्यांना बोलवू का? त्यांचा हात बसलेला हाय."

सगळ्या खदखदून हसल्या. मग एकेक करून गप्प झाल्या.

श्रीरंगचं डोकं फिरलं. "सरका, भास्करराव! असा मारायचा!" म्हणत त्यानं हात फिरवला, आणि तो बसला. सणसणीत.

किशा रडला नाही. गाल चोळत म्हणाला, "सर, तुमचा हात सरावाचा वाटतोय. घरी पोरगं हाय व्हय?"

होतं. नऊ वर्षांचं. श्रीरंगनं तो हात पाठीमागं घेतला.

मालननं किशाचं मनगट धरलं. "चल रे इकडं. आवरा तुमचं सामान."

"ताई, चुकलं माझं. म्हणाल ती शिक्षा द्या."

"मला काय म्हणता? ज्याला लागलं त्याला म्हणा."

किशानं विचार केला. "खाली बसा. डोळं मिटा."

अख्ख्या युनिटसमोर श्रीरंग गुडघ्यांवर बसला. हात वर गेला, वारा लागला आणि फाट्!

"आई गं!" श्रीरंग कळवळला. दोन्ही हातांनी गाल दाबला, डोळ्यांतून घळाघळा पाणी.

डोळे उघडले, तर किशाचा हात वीतभर लांबच. मागं नाना तळवे जोडून उभा. दिवसभरात पहिल्यांदाच त्याची टाळी वेळेवर पडली होती.

मालननं पदर तोंडाला लावला.

"असं करायचं हुतं व्हय सर?" किशा म्हणाला. "मग सकाळीच करून दाखवायचं की."