परिपत्रकातलं कलम तिसरं

मंडळी, कागद कसा वाचावा हे भोर तालुक्यात कुणी शिकवावं तर मीच! अकरा वर्षं मास्तरकी केली. व्हर्नाक्युलर फायनल पहिल्या झटक्यात पास झालो. आणि सहासष्ट साली, किकवीपासून अडीच मैल आतल्या आमच्या वाडीत सतरा बायकांचा साक्षरता वर्ग चालवला. रोज दुपारी दोन ते चार, एकही खाडा नाही! आणि माझ्या नावापुढे सरकारी शेरा काय? 'गैरहजर'! अजून आठवलं की कानशिलं तापतात!

सुरुवात केली भोरच्या साहेबांनी. ते पहिल्यांदा वर्ग तपासायला आले, तेव्हा भामाबाईंनी धडा असा खणखणीत वाचला की बाहेरची म्हैस रवंथ थांबवून ऐकत राहिली! भामाबाई वर्गातल्या सगळ्यांत थोरल्या, साठीच्या. 'पाणी उकळून, गाळून, झाकून ठेवावे.' एक काना चुकला नाही!

साहेबांनी विचारलं, "मग आजी, पाण्याचं काय करायचं?"

"मला काय इचारता? गुरुजींना इचारा की! धडा त्येंचा हाय!"

साहेबांनी शेरा मारला : 'वाचतात, पण समजत नाही.'

समजत नाही? माझ्या वर्गाला? दुसऱ्या दिवसापासून सुरात वाचणं बंद! बियाण्याच्या पिशवीवरच्या सूचना, एस.टी.चं वेळापत्रक, औषधाच्या डब्यातला कागद, जे मिळेल ते मी शाळेच्या भिंतीवर डकवत सुटलो. "वाचायचं आणि लिहिलंय तसंच करायचं! मनचं घालायचं नाही, मला विचारायचं नाही!" असं ओरडून ओरडून माझा आवाज फाटक्या ढोलकीसारखा झाला.

फळ्यावर लिहिलं, 'उठा, बाहेर जा, हात धुऊन परत या.' पहिल्या दिवशी सतराजणींनी ते तीनदा वाचलं आणि जागच्या हलल्या नाहीत. महिन्याभरात मी खडू खाली ठेवायच्या आत वर्ग रिकामा व्हायला लागला! एकदा 'परत या' लिहायचं राहिलं, तर सगळ्या सरळ घरी गेल्या.

मग परीक्षेचं परिपत्रक आलं. मी विषय वाचला, गुरुवारची तारीख वाचली, खालची सही वाचली. आणखी काय वाचायचं? सरकारी कागदाच्या मधल्या भागात काय असतं, हे मला झोपेतसुद्धा सांगता येतं! 'प्रौढांना दिसेल असे लावावे' एवढं दिसलं, म्हणून तेही भिंतीवर डकवलं.

गुरुवारी सकाळी शाळेच्या दाराला आंब्याचे डहाळे लावले. खुर्चीवर धुतलेली सतरंजी घातली. झेंडूचा हार स्वतः ओवला. नऊ वाजले, साडेनऊ वाजले, दहा वाजले. साहेब नाहीत ते नाहीत, पण एक बाईसुद्धा नाही!

मी वाडीभर पळत सुटलो. घरोघरी दाराला कड्या! भामाबाईंचे मालक कोंडिबा तेवढे ओट्यावर बसलेले.

"भामाबाई कुठं आहेत?"

"गेली. म्हन्ली, कागदात बोलावलंय. नवं लुगडं नेसली आन गेली. समद्याच गेल्या."

कागदात बोलावलंय, नवं लुगडं... लग्नपत्रिका! अहो, परीक्षेच्या दिवशी वऱ्हाड! मी यांना अक्षरओळख करून दिली ती काय पत्रिका वाचून जेवायला जायला? रागाने मी लटलटा कापत शाळेत परतलो, तर समोरून खांद्याला खाकी पिशवी अडकवलेला, टोपीवाला गृहस्थ येत होता. साहेब बदलले वाटतं! मी धावत जाऊन त्याच्या गळ्यात हार घातला.

"अहो, हे कशाला? मी..."

"बोलू नका साहेब, आधी बसा!"

तो बसला. त्याने वही काढली. "ताप कुणाला आहे?"

"मला! सतराजणींनी मिळून दिलाय!"

"कधीपासून?"

"सकाळपासून!"

"अंग थरथरतंय वाटतं?"

"थरथरणार नाही तर काय!"

त्याने लिहून घेतलं. "बोट पुढं करा."

"बोट? अहो, मी अंगठेबहाद्दर वाटलो काय? मी सही करतो, सही!"

त्याने माझं बोट धरलं आणि टचकन सुई टोचली! मी असा किंचाळलो की डहाळ्यांवरचा कावळा उडाला. त्याने रक्ताचा थेंब काचेवर घेतला आणि चार पांढऱ्या गोळ्या पुढे केल्या. "माझ्यासमोर गिळा." गोळ्या कसल्या, कडूजहर!

"साहेब, ही कसली परीक्षा?"

"रक्ताची. मी मलेरियाचा माणूस." माझ्या हातात तापाची एक चिठ्ठी ठेवून तो निघून गेला. हारही घेऊन गेला!

चार वाजता बायका हसत-खिदळत परतल्या. मी गरजलो, "झालं का लग्न?"

"कुनाचं लगीन? परीक्षेला गेलो हुतो आमी, किकवीला!" भामाबाई मला भिंतीपाशी घेऊन गेल्या आणि तिसऱ्या कलमावर बोट ठेवून वाचू लागल्या. "'प्रौढांनी हे परिपत्रक स्वतः वाचून सकाळी दहा वाजता किकवी केंद्रावर पोहोचावे. हाच परीक्षेचा पहिला प्रश्न समजावा. शिक्षकाने वाचून दाखवू नये. शिक्षकाने नऊ वाजताच पुढे जाऊन सतरंज्या अंथराव्यात.'"

"मग मला सांगितलं का नाही?"

"मला इचारायचं न्हाई, असं कोन वरडत हुतं? आमाला वाटलं, तुमी म्होरं गेलाय."

"आणि साहेब?"

"लई खूश! दुसऱ्या वाड्यांच्या निम्म्या बायका आल्याच न्हाईत. आमी सतराच्या सतरा पास! गुरुजी कुठं म्हनून इचारलं, तवा म्या म्हनलं, त्येंस्नी ताप आलाय."

सतराच्या सतरा! मी वाडीभर गूळ वाटला, खोटं कशाला सांगू? पण तो आनंद भोरहून मेमो येईपर्यंतच टिकला. पहिल्याच ओळीत 'गैरहजर'! माझं डोकं फिरलं. ती ओळ मी पाटलांना वाचून दाखवली, किकवीच्या हॉटेलात दाखवली, एस.टी.च्या कंडक्टरला दाखवली. सगळ्यांना दाखवून झाल्यावर मेमो भामाबाईंपुढे आपटला. "बघा, काय न्याय आहे हा!"

त्यांनी बोट ठेवून वरपासून खालपर्यंत सावकाश वाचला.

"गुरुजी, ह्यात तापाचा दाखला मागितलाय. त्यो दिला का शेरा खोडत्याल."

"आहे की माझ्याकडं चिठ्ठी! उद्याच देतो!"

"आठ दिसांत द्यायचाय."

"मग?"

"मुदत काल सपली."