गाडीचं अस्तर

मास्तरांची मुलगी ज्या वर्षी लग्न होऊन सासरी गेली, त्याच वर्षी मास्तरांच्या गाडीला अस्तर लागलं. एक गोष्ट दुसरीमुळे घडली, म्हणून दोन्ही एकत्रच सांगाव्या लागतात.

मास्तर म्हणजे शिंपी. बाजाराच्या कोपऱ्यावर दुकान, दुकानात दोन मशिनी, एकीवर मास्तर आणि दुसरीवर त्यांची बायको. मुलगी लहान होती तेव्हा दोघांनाही मशीन सोडून उठायला फुरसत नसे. म्हणून तिला वाढवलं मास्तरांच्या थोरल्या बहिणीनं. तिला सगळे आक्का म्हणत. भाचीची वेणी, भाचीचा अभ्यास, भाचीचे ताप, सगळं आक्काच्या हाताखालून गेलं.

पुढे आक्काला उन्हाचा आजार जडला. ऊन अंगावर पडलं की पुरळ, मग फोड, मग आठवडाभर नुसती आग. डॉक्टर म्हणाले, “उन्हापासून लांब राहा.” आक्का लांब राहिली. दिवसा ती दाराबाहेर पाऊल टाकेना. बाजारात जाई ती दिवे लागल्यावर, आणि उरलासुरला पाला घेऊन येई.

अशात लग्न ठरलं. नोंदणी कचेरीत लावायचं होतं आणि वेळ मिळाली भर दुपारची.

“दुसरी वेळ नव्हती का?” मास्तरांनी विचारलं.

“होती,” मुलगी म्हणाली. “पावसाळ्यानंतर.”

आक्का म्हणाली, “माझ्यासाठी कशाला अडता? मी घरूनच आशीर्वाद देईन. आशीर्वाद काय, भिंतीतूनही जातो.”

“आत्या, तू समोर नसलीस तर मी सही करणार नाही,” मुलगी म्हणाली. “पेन हातात धरून बसून राहीन. मग ते लोक काय करायचं ते करोत.”

ही मुलगी आक्कानंच वाढवलेली, त्यामुळे ती खरंच बसून राहील याबद्दल कुणाला शंका नव्हती. मास्तरांनी गळ्यातली फीत काढून ठेवली आणि म्हणाले, “मी बघतो.”

मास्तर ‘मी बघतो’ म्हणाले की त्यांची बायको मशीन थांबवून देवाचं नाव घेई.

मास्तरांकडे एक जुनी गाडी होती, कापडाचे गठ्ठे वाहायची. तिच्या काचांना काळी फिल्म लावली की आक्का आत सावलीत बसेल, असा त्यांचा विचार होता. ते गाडी घेऊन फिल्मवाल्याकडे गेले.

“बाजूच्या काचांना हलकी लावून देतो,” फिल्मवाला म्हणाला. “पुढच्या काचेला नाही. तिथे वरती एक पट्टी चालते, बस. कायदा आहे.”

“म्हणजे बाजूंना अस्तर आणि पुढचा भाग उघडा?” मास्तरांनी विचारलं. “असा कोट मी शिवला तर गिऱ्हाईक अंगावर फेकेल माझ्या.”

“गाडी आहे मास्तर, कोट नाही.”

“ऊन काय बाजूनंच येतं का?”

“मला सांगू नका, कायद्याला सांगा.”

मास्तरांनी कायद्याला काहीच सांगितलं नाही. त्यांनी त्यातली सगळ्यात काळी फिल्म गुंडाळीनं विकत घेतली आणि घरी आणली. मग पुढच्या काचेवर वर्तमानपत्र पसरून, खडूनं खुणा करून त्यांनी रीतसर बेतणी केली. शिलाईला दोन बोटं जास्त सोडली. बायको म्हणाली, “अहो, काचेला कसली शिलाई?” तेव्हा ते भानावर आले, पण ती दोन बोटं फुकट घालवायची नाहीत म्हणून त्यांनी कडा आत दुमडून चिकटवल्या. एकदा लावून झाल्यावर आत बसून पाहिलं. थोडा उजेड येत होता. पातळ कापडाला दुहेरी अस्तर लागतं हे कुठल्याही शिंप्याला कळतं. मास्तरांनी सगळ्या काचांना दुसरा थर चढवला.

आता गाडी तयार होती, पण कपडा एकदा अंगावर घालून बघितल्याशिवाय मास्तर गिऱ्हाइकाच्या हाती देत नसत. “उद्या आक्काला मापाला बसवू,” ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी गाडी दाराला अगदी चिकटून उभी केली. आक्का डोक्यावरून चादर घेऊन आत शिरली, चादर बाजूला केली आणि म्हणाली, “अगंबाई! तळघरच की.” कित्येक वर्षांत ती दिवसा गाडीत बसली नव्हती. तिचा आवाज ऐकून मास्तरांना भरून आलं. त्यांनी गाडी सुरू केली आणि मग त्यांच्या लक्षात आलं की आपल्यालाही काही दिसत नाही.

त्यांनी खिडकीची काच खाली केली आणि डोकं बाहेर काढलं. दुसऱ्या खिडकीतून बायकोनं डोकं काढलं. अशी ती गाडी दोन कान बाहेर काढल्यासारखी निघाली.

“तुझ्या बाजूला काय आहे?” मास्तर ओरडले.

“सायकलवाला!”

“किती जवळ?”

“शिव्या ऐकू येण्याइतका!”

मागून आक्का म्हणाली, “मला बाई छान गार वाटतंय.”

चौकात आल्यावर मास्तर अंदाजानं थांबले. सिग्नल होता डाव्या हाताच्या झाडामागे, आणि तो फक्त पुढच्या काचेतून दिसण्यासारखा होता. मागच्या गाड्या भोंगे वाजवू लागल्या.

“हिरवा आहे का?” मास्तरांनी विचारलं.

“मला काय विचारता? मला झाड दिसतंय, तेवढं हिरवं आहे,” बायको म्हणाली.

तेवढ्यात चौकातला हवालदार आला. दिवसभर उन्हात उभा राहून त्याचं नाक सोललं होतं आणि मान विटेसारखी लाल झाली होती. त्यानं गाडीला एक फेरी मारली. मागच्या काचेला नाक लावून बघितलं.

“आत कोण आहे?”

“माझी बहीण.”

“दिसत नाही.”

“त्यासाठीच तर केलंय!” मास्तर अभिमानानं म्हणाले.

हवालदारानं कमरेचं एक छोटं यंत्र काढलं. काचेतून किती उजेड जातो ते हे यंत्र सांगतं. पुढच्या काचेला लावलं, तर ते काहीच दाखवेना. त्यानं यंत्र झटकलं, स्वतःच्या गॉगलला लावून पाहिलं. तिथे ते बरोबर चाललं. पुन्हा काचेला लावलं. पुन्हा शून्य.

“मास्तर,” तो म्हणाला, “मी या चौकात आलो तेव्हापासून शून्य कधी बघितलं नव्हतं. हा पत्रा आहे की काच?”

मास्तरांनी आजार सांगितला, लग्न सांगितलं. हवालदाराला वाईट वाटलं, पण नियम त्याला तोंडपाठ होता. “डॉक्टरांचं पत्र असलं तर बाजूच्या काचांना थोडी सूट मिळते. तीही अर्ज करून, महिन्याभरानं. पुढच्या काचेला कुणालाच नाही. मंत्र्यालाही नाही. ही फिल्म इथेच काढा.”

काढायची तर कडा दुमडलेल्या, थर दोन. मास्तर नखांनी ओरबाडत होते, बायको कात्रीच्या पात्यानं. फिल्म चिंध्या चिंध्या होऊन निघाली आणि तिच्यामागून ऊन आत शिरलं. आक्कानं चादर ओढली, पण तोवर डावा हात आणि गाल उन्हात सापडले होते.

संध्याकाळी तिचा गाल फुलून आला. “मी येत नाही,” ती म्हणाली. “आता विषय नको.”

लग्नासाठी शिवलेला निळा पोशाख मुलीनं आणून मास्तरांच्या मशीनवर ठेवला. “बाबा, हा उसवा. मला लागणार नाही.”

मास्तरांनी आयुष्यात पुष्कळ कपडे उसवले होते, पण या पोशाखाला हात लावायची त्यांची छाती होईना. ते पुन्हा म्हणाले, “मी बघतो.” बायकोनं डोळे मिटून घेतले.

या वेळी त्यांनी काचेला हातच लावला नाही. त्यांनी पडदे शिवले. जाड कापडाचे, चुण्या घातलेले, खाली झालर, तारेवर सरकणारे. मागच्या बाजूला तर दोन्हीकडून बांधायचे गोंडे. आक्काच्या गालाची सूज उतरेपर्यंत त्यांनी तिच्या विनवण्या केल्या, आणि लग्नाच्या आदल्या दिवशी सकाळी तिला पुन्हा मापाला बसवलं. कचेरीची वाट त्याच चौकातून जात होती. हवालदार तिथेच होता. त्यानं हात केला.

“मास्तर, हे काय?”

“काच बघा, लख्ख आहे! यंत्र लावा की.”

“कुठे लावू? झालर आडवी येते.” हवालदारानं एक गोंडा बोटावर गुंडाळला आणि सोडला. “काम सुरेख आहे हो. पण चालत नाही. काचेवर किंवा काचेला लागून काहीही नको.”

“मग माणसानं करायचं तरी काय?” मास्तर रडकुंडीला आले.

मागून आक्काचा आवाज आला. पडद्यामुळे ती दिसत नव्हती. “का रे बाबा, हा नियम नक्की कशाचा आहे?”

“काचेचा, मावशी. काच मोकळी पाहिजे.”

“आणि आत बसलेल्या माणसानं काय घालावं, याचा काही नियम?”

“त्याच्याशी मला काय करायचंय? चालवणाऱ्याला समोरचं दिसलं म्हणजे झालं. मागे बसणाऱ्यानं गोधडी पांघरावी नाहीतर पिंप घालावं.”

मग आक्का म्हणाली, “अरे मास्तरा, जन्मभर माणसांचे कपडे शिवलेस, आणि आता गाडीला कसले शिवत बसलायस?”

मास्तरांच्या हातातून किल्ली खाली पडली.

“आणि समज, तुझं अस्तर चाललं असतं,” आक्का पुढे म्हणाली, “तरी गाडीतून उतरल्यावर कचेरीचं ते पटांगण आणि त्या पायऱ्या? गाडी वर चढवणार होतास की काय?”

मास्तरांच्या शेजारी बसलेल्या बायकोला हसू आवरेना. हवालदारानं तोंड फिरवलं, पण त्याचेही खांदे हलत होते.

मास्तर तडक दुकानात जाऊन कापायला बसले. मुलीच्या पोशाखातून उरलेलं निळं कापड होतं, त्याला दुहेरी अस्तर घातलं. या वेळी ते शोभून दिसलं. रुंद काठाची टोपी, टोपीला मान आणि कान झाकणारी झालर, बोटांपर्यंत येणाऱ्या बाह्या. तोंडासमोर उरलेल्या फिल्मचा एक तुकडा, दोन थरांचा, खालून पायाखालची वाट दिसेल एवढी फट ठेवलेला, पापणीसारखा वर उचलता येणारा. या तुकड्यालाही शिलाईसाठी दोन बोटं जास्त सोडली होती, ती इथे कामाला आली. आक्कानं माप देताना एकच अट घातली, “खिसा पाहिजे. लग्नात डोळे पुसायला रुमाल लागतो.”

दुसऱ्या दिवशी गाडी निघाली. काचा इतक्या स्वच्छ की मास्तरांना लांबूनच सिग्नल दिसला आणि त्यांनी तो मोठ्यानं वाचला, “हिरवा!” हवालदारानं तरीही हात केला. त्यानं पुढच्या काचेला यंत्र लावलं. बाजूच्या काचांना लावलं. सगळं नियमात. मग मागचं दार उघडून तो आत वाकला आणि सवयीनं यंत्र आक्काच्या तोंडासमोरच्या फिल्मला लावलं.

“शून्य,” तो म्हणाला.

“मी काय काच आहे?” आक्का आतून कडाडली.

“नाही, मावशी.” हवालदार सरळ उभा राहिला. “तुम्हाला नियम लागू नाही.” आणि त्यानं चौकाच्या मधोमध जाऊन दोन्ही हात पसरले, चारी बाजूंच्या गाड्या थांबवल्या आणि मास्तरांच्या गाडीला सलाम ठोकून वाट दिली. मास्तरांनी उगाचच भोंगा वाजवला.

कचेरीसमोरचं पटांगण उन्हानं पांढरं पडलं होतं. लोक भिंतीच्या कडेनं, सावलीचा तुकडा शोधत चालले होते. आक्का गाडीतून उतरली आणि मधोमध चालू लागली. मास्तर म्हणाले, “आक्का, कडेनं ये.” ती कडेनं गेली नाही. पटांगणाच्या मध्यावर ती थांबली, जरुरीपेक्षा जास्त वेळ थांबली, आणि मान वर करून तिनं सूर्याकडे बघितलं. वर पायऱ्यांवर भाची उभी होती. तिनं वरूनच हाक मारली, “आत्या, पेन घेऊन उभी आहे मी!”

“आले, आले! आधीच सही ठोकू नकोस,” आक्का म्हणाली आणि पायऱ्या चढली.

सही झाली. रुमाल लागला. खिशातच होता.

त्यानंतर आठवड्यानं हवालदार दुकानात आला. मान आणखी लाल झालेली. बराच वेळ तो टांगलेले कपडे बघत राहिला. शेवटी म्हणाला, “मास्तर, ती टोपीची झालर... मला तसलं काही होईल का? पण आमच्या टोपीला काही जोडायचं नाही, असा नियम आहे.”

मास्तर डोकं खाजवू लागले. आक्का कोपऱ्यात बटणं लावत बसली होती. ती आता दिवसाही दुकानात येई. वर न बघता ती म्हणाली, “नियम टोपीचा आहे ना? मानेचा आहे का?”

मास्तरांनी शर्टाच्या कॉलरला आतून बटणावर लागणारं मानेचं कापड शिवलं. पुढच्या उन्हाळ्यात गावातल्या प्रत्येक चौकात तसली मान दिसू लागली. वरच्या साहेबांनी नियम चाळले, त्यांना त्यात मान सापडली नाही, आणि मग त्यांनीही स्वतःसाठी एक शिवून नेलं.

आक्का त्यानंतर पुष्कळ वर्षं जगली. भाचीच्या मुलीला शाळेत सोडायला आणि आणायला तीच जाई, भर दुपारी, निळी टोपी घालून, रस्त्याच्या मधोमध. चौकातले हवालदार तिच्यासाठी गाड्या थांबवत. ती वारली ते नात शाळा संपवून बाहेर पडली त्या वर्षी, उन्हाळ्यात, दुपारच्या वेळी, पश्चिमेच्या खिडकीजवळ. खिडकीला पडदा नव्हता, आणि निळी टोपी डोक्यावरच होती.