कुंकू लावलेलं अपील

१९०९ साली झाशीत वामनराव रेल्वेच्या मालधक्क्यावर कारकून होते आणि रोज सकाळी साडेनऊला खिडकीतून शिडीने उतरून कामावर जात. यात वावगं काही नव्हतं. घराला दार होतं. पण दारासमोर शेजारच्या भीमरावांनी भिंत उभारली होती, आणि 'खिडकी हीसुद्धा जाण्यायेण्याचीच वाट होय' असा निकाल खालच्या कोर्टाने दिला होता. अपिलाची मुदत तीस दिवस. वैशाखात मुलीचं, उषाचं लग्न. नवरी शिडीवरून उतरवायची नाही, एवढीच वामनरावांची कायदेशीर मागणी होती.

अपील लिहून झालं. पार्वतीआत्याने घरच्या रीतीप्रमाणे कागदाच्या चारी कोपऱ्यांना कुंकू लावलं, आणि वामनराव शिडी उतरून सिविल लाइंसला, वरच्या कोर्टात गेले. तिथे अपिलांतले दोष काढायला एक मुंसरिम नेमलेले होते आणि ते पगाराला जागत.

"ये लाल क्या है?"

"कुंकू है जी. हमारे यहाँ नए कागज़ को लगाते हैं."

"खून नहीं है, इसका सबूत? हलफनामा लाइए."

हलफनामा, म्हणजे शपथेवर लिहून दिलेला कागद, तयार झाला. पण तोही नवाच कागद. आत्याने त्यालाही कुंकू लावलं. मुंसरिमांनी विचारलं, "और ये?" त्या कुंकवासाठी दुसरा हलफनामा झाला. दुसऱ्यासाठी तिसरा.

वामनरावांनी आत्यापुढे हात जोडले. "आत्या, एवढा एक कागद कोरा जाऊ दे."

"बिनकुंकवाचा कागद घराबाहेर जातो तो कुणी गेल्याचा! घरात लग्न आहे, वामन. जिभेला काही हाड?"

एकतिसाव्या दिवशी मुंसरिम प्रसन्न झाले. "सब दुरुस्त है. बस, मियाद निकल गई."

"आप ही के एतराज़ों में तो निकली!"

"देरी माफ़ करने की अर्ज़ी दीजिए. उसमें ये मत लिखिए, दोष माना जाएगा. लिखिए, बीमार थे."

वामनराव आवारातल्या कडुनिंबाखाली बसले आणि आजारी पडल्याचा धडधाकट अर्ज लिहून आले. मुंसरिमांनी तो उलटसुलट पाहिला.

"इस पर कुंकू नहीं है. बाकी सब पर है. आपके घर का कागज़ है, कैसे मानें?"

वामनराव घरी गेले, शिडी चढले, कुंकू लावून घेतलं, शिडी उतरले. अपिलाला नंबर पडला. शेरा मिळाला : 'निर्दोष'.

मालधक्क्यावर पेढे वाटले गेले. त्या शेऱ्याची नक्कल आत्याने देवघरात ठेवली. निर्दोष अपील कसं दिसतं ते पाहायला माणसं येऊ लागली, आणि संध्याकाळी शिडीवर रांग लागू लागली.

लग्नाला चार दिवस राहिले, तेव्हा खिडकीखाली भीमराव घण घेऊन उभे राहिले.

"वामनभैया! पोरगी काय मला परकी आहे? झालं गेलं सोडा. भिंत पाडतो."

"हात लावू नका!" वामनराव खिडकीतून निम्मे बाहेर आले. "भिंत पडली तर अपील चालायचं कशावर? खारीज होईल!"

"पण दार मोकळं होईल ना, भैया!"

"दार काय, केव्हाही होईल. असा कागद पुन्हा व्हायचा आहे का?"

मागून उषा म्हणाली, "बाबा, पण मी उतरू कशी?"

"सावकाश," वामनराव म्हणाले.

भीमराव घण खांद्यावर टाकून परत गेले. वैशाखात उषा शालू सावरत, मुंडावळ्या दातांत धरून, शिडीवरून उतरली. नवऱ्या मुलाने शिडी धरली होती. वऱ्हाडातल्या कुणालाही त्यात दोष सापडला नाही.

तुम्हाला सापडला असेल, तर एक करा. तुमच्या ट्रंकेच्या तळाशीही नंबर पडलेला, शेरा मिळालेला एखादा कागद जपून ठेवलेला असेल. तो काढा, आणि कोणत्या दारासाठी केला होता तेवढं आठवून पाहा.